मुदत कुठून मोजायची

कोर्टाचा बेलिफ कधी पत्ता सांगत नसे. सकाळी चावीवाल्याच्या टपरीसमोर येऊन उभा राहायचा, फाईल या काखेतून त्या काखेत करायचा आणि म्हणायचा, "चला, काम आहे." कुठे आणि कोणाकडे, ते विचारायचं नाही. पत्ता आधी फुटला की माणसं सावध होतात, धडधाकट म्हातारीला आजारी पाडून खाटेवर निजवतात, असा त्याचा अनुभव. म्हणून दाराशी जाऊन उभं राहीपर्यंत पत्ता त्याच्या एकट्याच्या पोटात राही.

चावीवाला हत्यारांची पिशवी उचलून मागोमाग निघे. काम ठरलेलं होतं. कोर्टाच्या हुकमाने कोणाच्या घराचा ताबा घ्यायचा असला आणि दाराला कुलूप असलं, तर ते उघडायचं. सामान बाहेर निघालं की त्याच दाराला नवं कुलूप बसवायचं आणि दोन्ही किल्ल्या दावा जिंकलेल्याच्या हातात ठेवायच्या. तिसरी किल्ली करून ठेवली नाहीस ना, असं त्याला आजवर कोणी विचारलं नव्हतं. माणूस सरळ होता आणि ते त्याच्या तोंडावर दिसत होतं. बेलिफाला त्याचं नावही ठाऊक नव्हतं. इतकी वर्षं 'चावीवाले' एवढ्यावर भागत आलं होतं.

टपरीपासून थोडं पुढे गेलं की रस्त्याला दोन फाटे फुटत. डावा फाटा कारखान्यांकडे जाई, उजवा चावीवाल्याच्या स्वतःच्या घराकडे. तिथवर पोचेपर्यंत त्याची नजर बेलिफाच्या पावलांवर असे. बेलिफ डावीकडे वळला की त्याचा जीव भांड्यात पडे. उजवीकडे वळला की मात्र पिशवीतल्या कानशी वाजायला लागत. उजवीकडे काय, निम्मं गाव राहत होतं. पण ज्याच्या मनात चांदणं, त्याला निम्मं गाव दिसत नाही, एकच जिना दिसतो.

असाच एक निकाल त्याच्याही विरुद्ध झालेला होता.

पहिल्या मजल्यावरची ती ऐसपैस खोली त्याच्या थोरल्या भावाची. धाकट्याचं लग्न झालं तेव्हा भावाने किल्ली दिली आणि म्हटलं, राहा, पुढचं पुढे बघू. पुढचं बघायची वेळ आली ती भावाची मुलगी नवऱ्यासह गावात परत आली तेव्हा. भाऊ म्हणाला, खोली दे. धाकटा म्हणाला, घेताना वडिलांनीही हातभार लावला होता, माझाही हक्क आहे. हे बोलताना आपलं बोलणं लंगडं आहे हे त्याचं त्यालाच कळत होतं. पण बायको-संसार घेऊन जायचं कुठे, या भीतीने जिभेला जोर आला. एका ताटात जेवलेले दोघे भाऊ कोर्टाच्या बाकावर दोन टोकांना बसले. निकाल भावाच्या बाजूने लागला. खोली रिकामी करून ताबा द्यावा.

त्या दिवसाचं सगळं चावीवाल्याला आठवत होतं. न्यायाधीशांच्या डोक्यावरचा पंखा एका बाजूने डुगडुगत होता. वाचताना त्यांनी मध्येच पाणी मागितलं, आणि पाणी येईपर्यंत ह्याचं निम्मं आयुष्य तसंच थांबून राहिलं. बाहेर आल्यावर वकील म्हणाले, घाबरू नका, वरच्या कोर्टात अपील टाकून ठेवू, तेवढाच वेळ मिळेल. अपील दीड वर्ष पडून राहिलं आणि फेटाळलं गेलं. वकिलांनी ते कोर्टाच्या जिन्यात जाता जाता सांगितलं, खाली उतरणाऱ्याने वर चढणाऱ्याला पाऊस येईलसं वाटतं म्हणून सांगावं तसं. त्याच सुमाराला भाऊ अंथरुणाला खिळला होता, म्हणून त्या फेटाळण्याकडे कोणाचंच लक्ष गेलं नाही. दोन-तीन महिन्यांत भाऊ गेला. त्याची मुलगी नवऱ्याच्या बदलीबरोबर पुन्हा गाव सोडून गेली. वहिनी एकटी मागे राहिली.

आणि मग कोणीच आलं नाही. बेलिफ नाही, नोटीस नाही, वकिलाचं पत्रही नाही. एखाद्याला वाटेल, बरंच झालं की. चावीवाल्याला ते सगळ्यात वाईट वाटलं. शिक्षा झालेल्याला निदान तारीख ठाऊक असते. ह्याला जिन्यातलं प्रत्येक पाऊल ऐकावं लागे. दूधवाल्याचं पाऊल, शेजारच्या मास्तरीणबाईंचं पाऊल, वरच्या मुलांची धावाधाव, सगळी त्याला ओळखू येत. अनोळखी पाऊल आलं की घास हातात थांबे. बायको म्हणे, अहो, खा, गॅस तपासायला आलाय तो.

एकदा चहा पिता पिता बेलिफ सहज बोलून गेला की, कोर्टाचा निकालसुद्धा शिळा होतो. चावीवाला कानस चालवत होता, तो थांबला. बेलिफाला आपलं ज्ञान वाटायची हौस होतीच.

"जिंकून घरी बसलं म्हणजे झालं नाही," तो म्हणाला. "अंमलबजावणीचा अर्ज टाकावा लागतो. बारा वर्षांत नाही टाकला, तर त्या निकालाची रद्दी. मग मी कुणाच्या दारात जात नाही आणि तुम्हालाही बोलवत नाही."

त्या दिवशी चावीवाल्याने चांगली सरळ किल्ली घासून घासून वाया घालवली.

तेव्हापासून त्याला जगायला एक तारीख मिळाली. मोजणी त्याने सुरू केली ती त्या डुगडुगत्या पंख्याच्या दिवसापासून. आणखी कुठून करणार? माणूस ज्या दिवशी घाबरला, तो दिवस त्याच्या लक्षात राहतो. जिन्यात जाता जाता ऐकलेलं कोण ध्यानात ठेवतो?

बायकोला त्याने काही सांगितलं नाही. नुसते नियम घातले. भिंतीत खिळा ठोकायचा नाही. रंग काढायचा नाही. पोपडे पडले तर झाडून घ्यायचे. तिला डब्यांसाठी एक फळी हवी होती. आज बघू, उद्या बघू करत त्याने वर्षं काढली. उद्या उठवलं तर फळी कुणासाठी ठोकायची, हे एक कारण. दुसरं असं की, ठोकल्याचा आवाज जाईल आणि जिला आपला विसर पडलाय तिला आठवण होईल, अशी वेडी धास्ती. वहिनी राहत होती गावाच्या पार दुसऱ्या टोकाला. तिथवर हातोडीचा आवाज कसा जाणार, ते भीतीला विचारायची सोय नसते. बायको इस्पितळाच्या धुलाईघरात कामाला होती. दिवसभर दुसऱ्यांच्या चादरी घड्या करायची आणि घरी येऊन ट्रंकेतूनच कपडे काढायची, कारण कपाटसुद्धा घ्यायचं नव्हतं.

दाराला मात्र त्याने स्वतःच्या हाताने कुलूप करून बसवलं. आतलं लिव्हर उलटं. जगात दुसरी कुठलीही किल्ली उजवीकडे फिरते, ही डावीकडे. वाकड्या तारेने हे उघडायला बसलेला माणूस संध्याकाळपर्यंत बसला असता. आता कोर्ट काही वाकडी तार घेऊन येत नाही, असं कोणी म्हणेल. पण ह्या गावात ते तशीच तार घेऊन येत होतं, आणि ती तार कोणाच्या पिशवीत असे ते चावीवाल्यालाच माहीत होतं.

वहिनी अधूनमधून यायची. गुडघे धरून जिना चढायची, खिडकीजवळच्या खुर्चीत बसायची, बिनसाखरेचा चहा घ्यायची. छताकडे बघून विचारायची, "अजून गळतं का हो, भाऊजी?" त्याला वाटे, मालकीण आपल्या खोलीची चौकशी करतेय. ती भिंतीकडे बघायची, तर ह्याला वाटे, माप घेतेय. एकदा तिने भावाचा स्वेटर आणून दिला, तुमच्याच अंगाचा आहे म्हणाली. तो स्वेटर त्याने वर्षभर घातला नाही. त्यात काही डाव असेल असं वाटत राहिलं. ती गेली की तो दाराला कडी लावून बराच वेळ उभा राही, आणि मनातल्या मनात म्हणे, आणखी थोडी वर्षं तुझ्या लक्षात येऊ नये, एवढंच कर.

अखेर तो दिवस उगवला आणि मावळला. जिन्यात कोणी आलं नाही. दुसऱ्या दिवशी चावीवाल्याने टपरी उघडलीच नाही. रंगाचे डबे आणले, फिकट पिवळा. फळी आणली. बायको कामावरून आली, तर हा शिडीवर, केसांत रंग, आणि तोंडाने शीळ. तिने विचारलं, आज काय आहे? तो म्हणाला, "आज आपण घरी राहायला आलो." मग त्याने तिला सगळं सांगितलं. ती फळीवर डबे मांडता मांडता ऐकत राहिली. शेवटी एवढंच म्हणाली, "जाऊबाईंना कळू देऊ नका."

झाकली मूठ सव्वा लाखाची, हे तिला कळत होतं. त्यालाही कळायला हवं होतं. पण इतकी वर्षं छातीवरचं दडपण वागवलेल्या माणसाला ते उतरलंय हे कोणाला तरी दाखवल्याशिवाय चैन पडत नाही. महिन्याभराने वहिनी आली. खुर्चीत बसली. रंग बघून तिचं तोंड उजळलं. छान दिसतोय म्हणाली, तुमच्या भावाला हाच रंग आवडायचा. भावाचं नाव निघालं आणि ह्याच्या डोक्यात काय शिरलं देव जाणे. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

"वहिनी, आता ही खोली आमची झाली," तो म्हणाला. "तुमच्या निकालाची मुदत संपली. बारा वर्षं झाली. आता कोर्टही आम्हाला उठवू शकत नाही."

वहिनीने कप खाली ठेवला. "अशी मुदत असते का?" तिने विचारलं. त्याने सगळं समजावून सांगितलं, बेलिफाने सांगितलं होतं तसंच, अर्ज कसा टाकायला हवा होता तेसुद्धा. ती ऐकत होती. चहा अर्धा राहिला. उठताना तिने नेहमीसारखा त्याचा हात आधाराला धरला नाही, भिंतीला हात टेकून उठली. ओल्या रंगाची भीती नव्हती, रंग केव्हाच वाळला होता.

पुढच्याच महिन्यात कोर्टाचा माणूस नोटीस घेऊन दारात आला. चावीवाल्याला हसू आलं. त्याने ती हातातसुद्धा घेतली नाही. मुदत गेलेली आहे, परत घेऊन जा, म्हणून त्याने दार लावून घेतलं. त्या माणसाने जिन्यातच कागद गुडघ्यावर ठेवून 'घेण्यास नकार दिला' असं लिहिलं आणि तो निघून गेला. तो जिना उतरत असताना त्याची पावलं ऐकता ऐकता चावीवाल्याच्या मनात कुठेतरी एक बारीकसा खटका पडला. मेलेल्या निकालासाठी कोर्ट चपला कशाला झिजवेल?

महिना-दोन महिने त्याने तो खटका दाबून ठेवला. मग बेलिफाला विचारलं, माझा एक ओळखीचा आहे म्हणून. खालच्या कोर्टात हरला, बारा वर्षं उलटली, तर सुटला ना?

"अपील केलं होतं का त्याने?" बेलिफाने विचारलं.

"केलं होतं. दीड वर्षाने फेटाळलं."

"मग फेटाळलं त्या दिवसापासून धरायचं. वरच्या कोर्टाचा हुकूम झाला की खालचा त्यातच जातो, आणि मुदत वरच्या हुकमापासून धावते. ओळखीच्याला सांगा, वर्षभर तरी गप्प बसून राहा म्हणावं. त्या बाजूला कोणी जागं केलं नाही तर सुटेल."

चावीवाल्याने मनातल्या मनात पुन्हा मोजलं. दीड वर्ष. वेळ मिळावा म्हणून टाकलेलं अपील, आणि त्यानेच निकालाचं आयुष्य दीड वर्षाने लांबवलं होतं. वहिनीला तर ठाऊकही नव्हतं. ती अशीच येत राहिली असती, छताकडे बघत राहिली असती, आणि ते दीड वर्षही निघून गेलं असतं. जागं केलं कोणी? अशा नोटिशीत हजर राहायची तारीख असते, असं बेलिफ मागे कधीतरी म्हणाला होता. नकार दिला तरी नोटीस पोचली असंच धरतात. ती तारीख केव्हाच होऊन गेली असणार.

हेही त्याने बायकोला सांगितलं, तेव्हा तिने डोक्याला हात लावला नाही, की बोल लावला नाही. म्हणाली, जाऊबाईंकडे जा, पाय धरा, चूक झाली म्हणा. तो दोन दिवस जातो जातो म्हणत राहिला. तिसऱ्या दिवशी टपरी बंद ठेवून गेला. वहिनीच्या दाराला कुलूप होतं. साधं, बाजारी कुलूप, त्याने डोळे मिटून उघडलं असतं. ते बघून त्याला काय वाटावं? सुटल्यासारखं वाटलं. आता आपण आलो होतो, ती नव्हती, असं सांगता येईल. संध्याकाळपर्यंतही तिथे थांबला नाही, परत फिरला.

घरी आला तर शेजारच्या मास्तरीणबाई दारात उभ्या होत्या. त्याला बघून काही बोलणार होत्या, पण आत गेल्या आणि दार लावून घेतलं. त्याच्या कुलपाच्या भोकाभोवती बारीक ओरखडे होते. ताजे, चकाकणारे. आपल्याच किल्लीचे असतील, असं त्याने स्वतःला सांगितलं. चावीवाल्याने हे स्वतःला सांगावं आणि स्वतःच ऐकून घ्यावं, म्हणजे कमाल झाली. बायकोला त्याने ओरखडे दाखवले नाहीत.

सकाळी बेलिफ टपरीसमोर उभा राहिला. फाईल या काखेतून त्या काखेत गेली.

"काल कुठे होता हो? दुसऱ्या एकाला घेऊन गेलो, तर त्याला कुलूप हललं नाही. दोन तास घासत बसला. आतलं लिव्हर उलटं आहे म्हणतो. दावा जिंकलेली बाई म्हणते दार मोडायचं नाही. तुमच्याशिवाय कोण उघडणार ते?"

चावीवाल्याला वाटलं, सांगावं, आज बरं नाही, हात दुखतोय. वाटलं, पिशवी इथेच टाकून पळत सुटावं. पण पळून जायचं ते घरी, आणि बेलिफही तिकडेच निघाला होता. सवयीने त्याने पिशवी उचलली. फाट्यावर त्याने डोळे मिटून घेतले. उघडले तेव्हा बेलिफ उजवीकडे वळलेला होता आणि पुढे चालता चालता बोलत होता, माणूस काय चिवट आहे बघा, नोटीससुद्धा घेतली नाही, इसम कोर्टाला जुमानत नाही. तो 'इसम' मागून कानशी वाजवत चालत होता. रोजच्या रस्त्यावरची दुकानं त्याला परकी दिसत होती. न्हावी हात वर करून हसला, त्याला ह्याने हात केला नाही.

जिन्याखाली दोन पंच आणि दोन हमाल बिड्या ओढत थांबले होते. वर गेल्यावर बेलिफ दाराकडे बोट दाखवून बाजूला झाला. "बसा, तार काढा. वेळ लागला तरी चालेल."

चावीवाला दारासमोर उभा राहिला. पिशवी त्याने खाली ठेवली, उघडली नाही. खिशात हात घातला आणि किल्ली बाहेर काढली.

बेलिफाने किल्लीकडे बघितलं. मग हातातल्या फाईलकडे, मग पुन्हा किल्लीकडे. त्याने हळूच विचारलं, "चावीवाले, तुमचं नाव काय?"

उत्तर द्यायची गरज पडली नाही. खालून एक पाऊल वर येत होतं. थांबत, कठड्याला धरत, पुन्हा चढत. हे पाऊल त्याला ओळखू येत होतं. वहिनी वर पोचली तेव्हा तिला धाप लागली होती. तिने ह्याला बघितलं, बेलिफाला बघितलं, आणि कठड्याला टेकून श्वास खाली बसेपर्यंत उभी राहिली.

"मला मुदतीचं काहीच ठाऊक नव्हतं, भाऊजी," ती म्हणाली. "तुमचे भाऊ जाताना सांगून गेले होते, धाकट्याला उठवू नकोस. मी कोर्टाचे कागद त्याच दिवशी बांधून ठेवले. आणि तुम्ही दर वेळी चहा देत होतात, तो मी निकाल कधी विसरते ते बघत."

तिच्या आवाजात राग नव्हता, त्याचीच त्याला जास्त भीती वाटली. तो म्हणाला, वहिनी, चूक झाली, काल आलो होतो तुमच्याकडे, दाराला कुलूप होतं. ती म्हणाली, मी इथे होते. मग ती म्हणाली, "उघडा."

किल्ली डावीकडे फिरवायची हे तो आयुष्यात पहिल्यांदाच विसरला. दोनदा उजवीकडे फिरवली. शेवटी खटका पडला. हमालांनी सामान जिन्यात काढलं. ट्रंका भरलेल्याच होत्या, म्हणून फार वेळ लागला नाही. फळी भिंतीला पक्की ठोकलेली होती, ती वहिनी म्हणाली, राहू दे. बेलिफ त्याच्याकडे न बघता म्हणाला, मी दुसऱ्या कोणाला बोलावतो, तुम्ही राहू द्या. पण नवं कुलूप पिशवीत होतं, स्क्रू पिशवीत होते, आणि हातांना दुसरं काही करायचं सुचत नव्हतं. त्याने आपलं कुलूप काढलं, नवं बसवलं, दोनदा उघडबंद करून बघितलं, आणि दोन्ही किल्ल्या वहिनीपुढे धरल्या.

तिने त्या घेतल्या, मुठीत धरल्या. खाली जायला वळली आणि थांबली.

"दोनच आहेत ना, भाऊजी?"

"दोनच," तो म्हणाला.

ती त्याच्या तोंडाकडे बघत राहिली, जरा जास्तच वेळ. मग कठडा धरून उतरू लागली. बेलिफ आणि पंच तिच्या मागून गेले. चावीवाला ट्रंकेवर बसला. दुपारी धुलाईघर सुटलं. खालच्या दारातून एक पाऊल आत आलं आणि जिना चढायला लागलं, सावकाश, दमलेलं, रोजचं. इतकी वर्षं ह्या जिन्यात ज्या एकाच पावलाची त्याला कधी भीती वाटली नव्हती, ते वर येत होतं.